ल्युदमिला गुरचेंको: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ही बाई नक्की कोण?

ल्युदमिला मार्कोव्हना गुरचेंको. जन्म १२ नोव्हेंबर १९३५, खारकीव. मृत्यू ३० मार्च २०११, मॉस्को. सिनेमातली नटी, गायची, नाचायची, पुस्तकं लिहिली, शेवटी शेवटी दिग्दर्शनही केलं. पहिले सिनेमे १९५६ चे, म्हणजे ख्रुश्चेव्ह नुकता सत्तेवर बसलेला, आणि शेवटचा मोठा सिनेमा २००९ चा, तेव्हा क्रेमलिनमध्ये मेदवेदेव. मधे देश मोडला, पैशाची किंमत गेली, थिएटरं ओस पडली, पण बाई पडद्यावरून हटली नाही. रशियात आजही ‘ल्युस्या’ म्हटलं की आडनाव सांगावं लागत नाही.

‘मेरा नाम जोकर’मधली रशियन बाई हीच का?

नाही हो, ती क्सेनिया र्‍याबिनकिना, ती मुळात बोल्शोई थिएटरची बॅले डान्सर. हा घोळ दर वेळी होतो, त्याचं कारण सरळ आहे, आपल्याकडच्या बहुतेकांनी आयुष्यात पडद्यावर पाहिलेली रशियन बाई तेवढी एकच. फिल्म सोसायटीवाल्यांना विचाराल तर ते आयझेनस्टाईन आणि तारकोव्हस्की अशा बड्या दिग्दर्शकांची यादी म्हणून दाखवतील. गंमत म्हणजे राज कपूरचा ‘आवारा’ तिकडे गल्लीबोळात पोचला, पण त्यांच्या गल्लीबोळातले सिनेमे, ज्याला साधा रशियन माणूस तिकीट काढून जायचा ते, आपल्याकडे फार कमी आले. गुरचेंको नेमकी त्या सिनेमांची आहे, म्हणून आपल्याला माहीत नाही.

रशियन म्हणायचं की युक्रेनियन?

जन्म युक्रेनमधल्या खारकीवचा, शिक्षण आणि काम मॉस्को-लेनिनग्राडचं, भाषा रशियन, पासपोर्ट आधी सोव्हिएत मग रशियन. तिच्या काळात हा प्रश्न आजच्यासारखा टोकदार नव्हता. मॉस्कोच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये गेल्यावर तिला आपला खारकीवचा हेल मुद्दाम घालवायला लागला, आणि नंतर आत्मचरित्रात बापाचं बोलणं लिहिताना तिने तोच हेल जसाच्या तसा उतरवलाय, ती पुस्तकातली सगळ्यात भारी पानं आहेत. आजच्या भांडणात तिला या किंवा त्या बाजूला उभं करणारे लोक दोन्हीकडे सापडतील, पण ती २०११ सालीच गेली, तिला काय वाटलं असतं ते आपण तिच्या तोंडी घालू नये एवढंच माझं मत.

लहानपणी जर्मन सैनिकांसमोर गायची हे खरं का?

खरं. तिने स्वतः लिहिलंय, लपवलेलं नाही. १९४१ च्या ऑक्टोबरमध्ये जर्मनांनी खारकीव घेतलं तेव्हा ती सहा वर्षांचीही नव्हती. बाप मार्क गव्रिलोविच, आधी खाणीत काम केलेला, मग फिलहार्मोनिकमध्ये बायान वाजवणारा (बायान म्हणजे बटणांचा अकॉर्डियन), तो फ्रंटवर गेला आणि मायलेकी शहरात अडकल्या. १९४३ च्या ऑगस्टपर्यंत, मधले काही आठवडे सोडले तर, शहर जर्मनांच्या ताब्यात होतं. भूक अशी की खाण्याचं जे मिळेल ते, बाजारात लोकांना जाहीर फाशी देताना पोरांना बघायला लागायचं, आणि ही चिमुरडी जर्मनांसमोर गाऊन नाचून भांड्यात थोडं सूप मिळवायची. पुढे यावरून कुणी नाक मुरडलं असेल तर मुरडो, पण सहा-सात वर्षांच्या पोरीने पोट भरायला गाणं म्हटलं याच्यात लाज वाटण्यासारखं काय आहे ते मला तरी कळत नाही.

हे सगळं नीट लक्षात ठेवा. कारण पुढची पंधरा-सोळा वर्षं सिनेमावाल्यांनी हिच्याकडे फक्त चमचमती बाहुली म्हणून पाहिलं आणि हिच्या आत काय भरलंय ते कुणाच्या गावीही नव्हतं.

सिनेमात आली कशी?

१९५३ साली मॉस्को, तिथली सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट व्हीजीआयके, सेर्गेई गेरासिमोव्ह आणि तमारा मकारोव्हा या नवराबायकोचा वर्ग. तिकडची सगळ्यात वजनदार जोडी, त्यांच्या हाताखाली शिकणं म्हणजे अर्धं काम झालं असं समजायचे. बापाने तर पोरगी जन्मल्यापासून जगाला सांगायचं सोडलं नव्हतं की ही नटी होणार म्हणजे होणार. युद्धानंतर रशियात लूट म्हणून आणलेले जर्मन सिनेमे लागायचे, त्यात मारिका र्‍योकचा नाचगाण्यांचा सिनेमा पाहून ही पोरगी पार वेडी झाली होती. त्यामुळे डोक्यात एकच, म्युझिकल. आणि सोव्हिएत सिनेमात तेव्हा म्युझिकलला फार कुणी किंमत देत नव्हतं, तिथेच पुढच्या सगळ्या त्रासाचं मूळ आहे.

‘कार्निवल नाईट’मध्ये एवढं काय होतं?

थोडं मागे जावं लागेल. १९५६ च्या फेब्रुवारीत ख्रुश्चेव्हने स्टालिनच्या विरोधात ते गाजलेलं भाषण केलं, वातावरण जरा सैल पडलं, लोकांना श्वास घ्यावासा वाटायला लागला. त्याच वर्षाच्या शेवटी मॉस्कोच्या मॉसफिल्म स्टुडिओचा हा सिनेमा आला. दिग्दर्शक एल्दार र्‍याझानोव्ह, वय तिशीच्या आत, पहिलाच फीचर सिनेमा, तोही करायची त्याची फार इच्छा नव्हती, स्टुडिओचा प्रमुख इव्हान पिरियेव्हने मागे लागून करायला लावला.

गोष्ट चिमूटभर. एका सांस्कृतिक भवनात न्यू इयरचा कार्यक्रम बसवलाय, पोरापोरींना नाचगाणी करायचीत, आणि नवीन आलेला साहेब ओगुर्त्सोव्ह, हे काम म्हातारा कसलेला कॉमेडियन इगोर इल्यिन्स्कीने केलंय, त्याला प्रत्येक आयटममध्ये काहीतरी आक्षेपार्ह दिसतं. विदूषक नको, उघडे हात नकोत, त्यापेक्षा खगोलशास्त्रावर भाषण ठेवा. असा साहेब आपल्यालाही काही नवीन नाही, सरकारी ऑफिसात एक तरी असतोच. मग पोरंपोरी मिळून त्याला शेंडी लावतात.

गुरचेंको म्हणजे लेना क्रिलोव्हा, कार्यक्रमाची सूत्रधार. काळा घेरदार ड्रेस, पांढरा मफ (थंडीत दोन्ही हात खुपसायची मऊ नळी), आणि आवळलेली कंबर, जिचे सेंटिमीटर रशियन लोक अजून सांगतात. बारा वाजायला पाच मिनिटं कमी आहेत अशा अर्थाचं तिचं गाणं, संगीत अनातोली लेपिनचं, ते आजही तिकडे ३१ डिसेंबरला वाजतं. जवळपास ४ कोटी ८६ लाख लोकांनी सिनेमा पाहिला, त्या वर्षीचा पहिला नंबर.

आणि गंमत ऐका, हा रोल तिच्या हातून जवळजवळ गेलाच होता. स्क्रीन टेस्ट इतकी वाईट शूट झालेली की तिला नापास करून दुसर्‍या मुलीला घेऊन शूटिंग सुरू पण झालं होतं. मग पिरियेव्हला ती स्टुडिओच्या कॉरिडॉरमध्ये दिसली आणि त्याने परत टेस्ट घ्यायला लावली, या वेळी नीट कॅमेरामन देऊन.

मग एका रात्रीत स्टार झालेली बाई आपटली कशी?

दोन गोष्टी झाल्या, आणि दोन्ही एकमेकींत गुंतलेल्या आहेत.

पहिली दिसणारी. सिनेमा हिट झाला तेव्हा ती अजून विद्यार्थिनी, हातात पैसा नाही, पण क्लब, कारखाने, संस्था सगळीकडून गाण्याची बोलावणी. आपल्याकडे ऑर्केस्ट्रावाले सुपारी घेतात तसं ती पाकिटात रोख घेऊन कार्यक्रम करायला लागली. सगळेच करायचे. पण अधिकृत दरापेक्षा जास्त आणि अधिकृत संस्थेला बाजूला ठेवून घेतलेला पैसा तिथे गुन्ह्याच्या जवळ जाणारा, आणि पेपरात नाव आलं फक्त हिचं. ‘कोम्सोमोल्स्काया प्राव्दा’ या युवक संघटनेच्या पेपराने तिच्यावर खरपूस लेख छापला, तिच्या टॅप डान्सला हेडिंगमध्ये घेऊन, सूर असा की बघा ही आजची तरुणी, चार टाळ्या मिळाल्या की पैशाच्या मागे लागली. त्या काळात अशा लेखाचं उत्तर द्यायची सोय नव्हती. लेख आला की दरवाजे आपोआप बंद व्हायचे.

दुसरी गोष्ट न दिसणारी, तिने खूप नंतर सांगितलेली. १९५७ च्या उन्हाळ्यात मॉस्कोत जागतिक युवक महोत्सव भरला, हजारो परदेशी पोरंपोरी शहरात, आणि गुप्तहेर खात्याला त्यांच्यात मिसळून माहिती आणणारी माणसं हवी होती. तिच्या म्हणण्याप्रमाणे तिलाही विचारलं गेलं आणि तिने नाही म्हटलं. त्यानंतरच हे सगळं सुरू झालं असं ती सांगायची.

१९५८ मध्ये ‘गर्ल विथ अ गिटार’ आला, तो तिच्यासाठीच लिहिलेला म्हणावा असा, पण पहिल्याची जादू त्यात नव्हती. मग वनवास.

म्हणजे इतकी वर्षं कामच नव्हतं?

काम होतं, बरं काम नव्हतं. छोटे रोल, चार मिनिटांचे रोल, कामगार वस्त्यांत आणि खाणगावांत गाण्याचे कार्यक्रम, काही काळ मॉस्कोच्या सोव्रेमेन्निक थिएटरमध्ये नाटकं, तिथे ‘सिरानो’मधली रोक्सान केली. सिनेमात ‘बाल्टिक स्काय’ होता, १९६५ चा ‘वर्कर्स सेटलमेंट’ होता. हा दुसरा मिळाला तर बघाच. युद्धात आंधळा होऊन परत आलेला आणि दारूत बुडालेला नवरा, हे काम ओलेग बोरिसोव्हचं, आणि त्याची बायको ही. मेकअप नाही, कंबर नाही, गाणं नाही. ज्यांनी पाहिला त्यांना कळलं असेल की हिला खरंच अभिनय येतो, पण पाहिला फार कमी जणांनी.

त्यात र्‍याझानोव्हचं प्रकरण वेगळंच दुखणारं. ज्याने स्टार केलं तोच परत घेईना. ‘हुसार बॅलड’साठी टेस्ट दिली, रोल लारिसा गोलुबकिनाला गेला. ‘आयर्नी ऑफ फेट’साठी टेस्ट दिली, तो पोलंडच्या बार्बरा ब्रिल्स्काला गेला. १९६१ मध्ये एक बारीकसा रोल दिला तेवढाच. नीट हिरॉइन म्हणून परत बोलावलं ते थेट पंचवीस वर्षांनी.

कमबॅक कुठला?

‘ओल्ड वॉल्स’, लेनिनग्राडचा लेनफिल्म स्टुडिओ, १९७३, दिग्दर्शक व्हिक्टर त्रेगुबोव्हिच. रोल कुठला, तर कापड गिरणीची डायरेक्टर! मध्यमवयीन, अंगावर सूट, केसांचा अंबाडा, हजार बायकांचा संसार सांभाळणारी आणि स्वतःच्या संसाराची बोंब. नाव ऐकून लोक हसले असणार, टॅप डान्सवालीला गिरणी चालवायला दिली म्हणून. पण तिने तो रोल असा केला की कारखान्यातल्या बायकांना ती आपल्यातली वाटली, आणि याच रोलसाठी १९७६ मध्ये तिला रशियन प्रजासत्ताकाचं सरकारी पारितोषिक मिळालं. ‘कार्निवल नाईट’पासून मोजलं तर सतरा वर्षं.

वाईट एवढंच की बाप १९७३ मध्येच गेला. ज्याने जन्मभर पोरीच्या नावाने ढोल वाजवला त्याला दुसरी इनिंग बघायला मिळाली नाही.

पाय मोडल्याची काय भानगड आहे?

‘मामा’ नावाचा सिनेमा, १९७६, सोव्हिएत-रुमानियन-फ्रेंच भागीदारीतला, शेळी आणि तिच्या करडांच्या गोष्टीवर. ही शेळी, मिखाईल बोयार्स्की लांडगा. बर्फावर स्केटिंग करत शूटिंग चाललेलं आणि प्रसिद्ध सर्कस क्लाउन ओलेग पोपोव्ह घसरून तिच्यावर पडला. हाडाचे तुकडे. डॉक्टरांना ती पुढे धड चालेल की नाही याचीच शंका होती. आणि बाई १९७८ मध्ये टीव्हीवर ‘बेनेफिस’ या आपल्याच स्पेशल कार्यक्रमात परत नाचताना दिसते! तो कार्यक्रम शोधून बघा आणि माहीत नसताना ओळखून दाखवा कुठला पाय मोडलेला ते.

नाचगाणीवाली गंभीर सिनेमांत बसली कशी?

मला विचाराल तर या एका प्रश्नासाठी हे सगळं पान लिहायचं.

अलेक्सेई गेर्मानचा ‘ट्वेंटी डेज विदाउट वॉर’, १९७६. कथा कोन्स्तांतिन सिमोनोव्हची, युद्धाच्या बातम्या लिहिणारा एक पत्रकार वीस दिवसांच्या रजेवर ताश्कंदला येतो, तिथे निका नावाच्या बाईशी थोडे दिवस जवळीक, मग परत फ्रंट. बस. पत्रकार कोण, तर युरी निकुलिन, सगळ्या देशाचा लाडका सर्कसचा विदूषक. आणि निका कोण, तर गुरचेंको. म्हणजे दिग्दर्शकाने देशातली दोन सगळ्यात हसवणारी माणसं घेतली आणि त्यांना सांगितलं की काही करू नका. वरच्या साहेबांना हे अजिबात पटलं नव्हतं, असल्या थकलेल्या चेहर्‍यांचा हिरो-हिरॉइन कुठे असतो का म्हणून. सिमोनोव्ह पाठीशी उभा राहिला म्हणून निभावलं. लोक विसरतात की निकुलिन स्वतः युद्धात वर्षानुवर्षं सैनिक होता आणि हिने व्यापलेल्या शहरात भूक काढली होती. त्या दोघांना युद्धाचा अभिनय करायची गरजच नव्हती, नुसतं समोरासमोर बसलं की झालं.

मग १९७८ चा ‘फाइव्ह इव्हनिंग्स’, निकिता मिखाल्कोव्हचा. मिखाल्कोव्ह तेव्हा ‘ओब्लोमोव्ह’ करत होता, त्याच्या शूटिंगमध्ये खंड पडला तेवढ्या वेळात, महिनाभराच्या आत, त्याने हा सिनेमा उरकला. अलेक्सांद्र व्होलोदिनच्या नाटकावरून. जवळजवळ सगळा एका सामायिक घराच्या खोल्यांत घडतो, म्हणजे एका फ्लॅटमध्ये चार कुटुंबं, स्वयंपाकघर एकच, आपल्या चाळीत वाढलेल्यांना वेगळं समजवायला नको. तमारा एकटी राहते, भाच्याला सांभाळते, फॅक्टरीत काम करते आणि सगळं कसं छान चाललंय ते सांगत सुटते. युद्धाआधीचा प्रियकर इल्यिन, म्हणजे स्तानिस्लाव ल्युबशिन, इतक्या वर्षांनी अचानक दारात. दोघंही एकमेकांशी थोडं थोडं खोटं बोलतात. केस बांधलेली, ताठ, सुरुवातीला चक्क चिडचिडी अशी बाई पाच संध्याकाळी मिळून हळूहळू उलगडते. शेवटी ती इल्यिनचं डोकं मांडीवर घेऊन पुढच्या आयुष्याचं काहीबाही बोलत राहते आणि मधेच म्हणते की फक्त युद्ध होऊ नये. सेपिया रंगातला सिनेमा तिथे हळूच रंगीत होतो. मी हा सीन कधीही बघितला तरी पुढचे दोन तास काही कामाचा राहत नाही.

आन्द्रेई कोन्चालोव्स्कीचा ‘सायबेरियाड’ही याच काळातला, त्याला १९७९ मध्ये फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिवलमध्ये ज्युरीचं स्पेशल ग्रां प्री मिळालं. तो चार भागांचा आणि लांबलचक आहे, गुरचेंको पाहिजे म्हणून बघायला बसाल तर बराच वेळ वाट बघावी लागेल. पण येते तेव्हा खाऊन टाकते.

‘स्टेशन फॉर टू’ एवढा का गाजला?

कारण र्‍याझानोव्हने शेवटी तिला जे द्यायला हवं होतं ते दिलं. १९८२ साली तयार झाला, पुढच्या वर्षी कानच्या स्पर्धेत होता. वेरा, रेल्वे स्टेशनच्या हॉटेलातली वेट्रेस, घटस्फोट झालेली, तोंडाने फाटकी. प्लातोन, म्हणजे ओलेग बासिलाश्विली, मोठ्या शहरातला पियानोवाला, नाजूक माणूस, बायकोच्या हातून झालेला अपघात स्वतःच्या अंगावर घेऊन तुरुंगाची वाट बघतोय. जेवण न आवडल्यावरून दोघांचं भांडण, त्यात त्याची ट्रेन सुटते, पासपोर्ट गायब, आणि दोन दिवस तो त्या स्टेशनात अडकतो. ट्रेनचा कंडक्टर, वेराचा तेव्हाचा यार, खरबुजांचा काळाबाजार करणारा, हा स्वतः निकिता मिखाल्कोव्ह, आणि काय लबाड केलाय! चार वर्षांपूर्वीचा तिचा दिग्दर्शक इथे तिला ट्रेनच्या डब्यात दमदाटी करतो.

शेवट सांगायचा नाही असं म्हणतात, मी अर्धाच सांगतो. बर्फ, तुरुंगाची छावणी, सकाळची हजेरी, आणि दोघं धावतायत. धावणं थांबतं तेव्हा अकॉर्डियन वाजतो. साडेतीन कोटींच्या वर तिकिटं गेली. १९८३ मध्येच तिला ‘सोव्हिएत संघाची लोककलाकार’ ही पदवी मिळाली, तिकडे कलाकाराला याच्या वरची पदवी नव्हती. सेंटिमेंटल आहे का? आहे. थोडा लांबलाय का? लांबलाय, बाजारातला भाग दहा मिनिटं कापला असता तरी चाललं असतं. पण वेराचा चेहरा हॉटेलात ट्रे घेऊन फिरताना वेगळा आणि त्याचा पियानो ऐकताना वेगळा, ते बघायला अख्खा सिनेमा माफ.

लोक ‘लव्ह अँड पिजन्स’ला डोक्यावर घेतात, मला तो बावळट वाटला. मी चुकतोय का?

नाही, तो मुद्दाम बावळट आहे. व्लादिमीर मेन्शोव्ह, ज्याच्या ‘मॉस्को डज नॉट बिलीव्ह इन टियर्स’ला ऑस्कर मिळालं, त्याचा हा पुढचा सिनेमा. खेड्यातला कबुतरं पाळणारा साधा नवरा विश्रांतीगृहात जातो आणि तिथे शहरी राईसा झाखारोव्हनाच्या नादी लागतो. ती योगाबद्दल बोलते, शाकाहाराबद्दल बोलते, अंतराळातल्या शक्तींबद्दल बोलते आणि बोलायची थांबत नाही. गुरचेंकोने इथे स्वतःची पण टिंगल केलीय, त्या टोप्या आणि ते मुरकणं बघा. समुद्रात पडायचा सीन बातुमीला नोव्हेंबरच्या गार पाण्यात शूट झाला. रशियनांना याचे डायलॉग पाठ असतात, आपल्याकडे ‘अशी ही बनवाबनवी’चे असतात ना, तसे. भाषा येत नसेल तर अर्धी मजा जाते, त्याला इलाज नाही.

त्यापेक्षा १९८१ चा ‘द बिलव्हड वुमन ऑफ मेकॅनिक गाव्रिलोव्ह’ बघा. ओडेसा शहर, लग्नाच्या रजिस्टर ऑफिसबाहेर नटूनथटून उभी बाई, नवरदेव येतच नाही, आणि अख्खा सिनेमा म्हणजे तिने वाट बघण्याचा एक दिवस. गाव्रिलोव्ह महाशय शेवटाला उगवतात. बाकी सगळा भार हिच्या एकटीवर.

सोव्हिएत युनियन मोडल्यावर काय झालं?

सिनेमा इंडस्ट्रीच झोपली त्यामुळे बरंच काही किरकोळ केलं, नाटकं केली, टीव्हीवर गायली. लक्षात ठेवावा असा र्‍याझानोव्हचा ‘ओल्ड नॅग्ज’, २००० सालचा, चार म्हातार्‍या पेन्शनर मैत्रिणी, सगळ्या कधीकाळी चांगल्या हुद्द्यावरच्या, आता रस्त्यावर काहीबाही करून पोट भरतात, आणि एकीला नवश्रीमंत माणसाने फ्लॅटच्या व्यवहारात फसवल्यावर चौघी मिळून त्याला धडा शिकवतात. हिच्याबरोबर स्वेतलाना क्र्युचकोव्हा, लिया अखेद्झाकोव्हा आणि इरिना कुपचेंको. जमलाय तिथे जमलाय. २००९ मध्ये ‘मोटली ट्वायलाइट’, अंध पियानोवादक ओलेग अक्कुरातोव्हच्या आयुष्यावरून सुचलेला, त्यात ती सहदिग्दर्शक, संगीतकार आणि नटी तिन्ही. आणि पंचाहत्तरीत रॉक गायिका झेम्फिराचं गाणं स्वतःच्या आवाजात गाऊन तिने तरुण पोरांनाही गार केलं.

लग्नं किती?

बरीच. दिग्दर्शक वासिली ओर्दिन्स्की, मग पटकथाकार बोरिस आन्द्रोनिकाश्विली, याच्यापासून १९५९ ची मुलगी मारिया, मग नट अलेक्सांद्र फादेयेव्ह, मग गायक इओसिफ कोब्झोन, त्या दोघांचं इतकं बिनसलं की कित्येक दशकं बोलणं नव्हतं, मग पियानोवादक कोन्स्तांतिन कुपेर्वेइस जवळपास अठरा वर्षं, आणि शेवटपर्यंत निर्माता सेर्गेई सेनिन. मुलीशी संबंध शेवटी तुटलेले, नातू मार्क १९९८ मध्ये कोवळ्या वयात गेला. टीव्हीवाल्यांनी याच्यावर तासन्‌तास कार्यक्रम केलेत, ज्यांना हवं त्यांनी तिकडे जावं.

आणि ती प्लास्टिक सर्जरी?

केली होती, बर्‍याचदा, शेवटी चेहर्‍यावर दिसायचं. यावर लोक फार कुत्सितपणे बोलतात. सोळा-सतरा वर्षं ज्या बाईला फक्त कंबर आणि हसू म्हणून मोजलं तिला म्हातारपणाची भीती वाटली तर नवल काय? मला त्रास होतो तो वेगळ्या कारणाने, ‘फाइव्ह इव्हनिंग्स’मध्ये तिच्या डोळ्यांखालच्या सुरकुत्याच अर्धा रोल करतात. कपड्यांचं मात्र मस्त होतं, स्वतःचे ड्रेस ती स्वतः डिझाइन करायची, हाताने मणी टिकल्या टाकत बसायची.

तिची पुस्तकं मिळतात का?

रशियनमध्ये सहज. ‘माझं प्रौढ बालपण’ अशा अर्थाचं पहिलं, खारकीवबद्दल आणि बापाबद्दल, १९८० च्या आसपास मासिकात आणि मग पुस्तकरूपात आलं. नंतर ‘टाळ्या’, नंतर २००२ मध्ये ‘ल्युस्या, थांब!’. पहिलं सगळ्यात चांगलं. तिसर्‍यात हिशेब चुकते करायची घाई दिसते. रशियन शिकत असाल तर पहिल्यापासून सुरू करा, पण बापाच्या तोंडचं बोलणं डिक्शनरीत सापडणार नाही, तयारी ठेवा.

शेवट कसा झाला?

१४ फेब्रुवारी २०११ ला घराजवळ पाय घसरून पडली, मांडीचं हाड खुब्यापाशी मोडलं, ऑपरेशन झालं, घरी आली, सावरते आहे असं वाटत असताना ३० मार्चला फुफ्फुसात रक्ताची गाठ अडकून गेली. नोवोदेविची दफनभूमीत पुरलं. मॉस्कोत त्र्योखप्रुद्नी गल्लीतल्या तिच्या घराचं म्युझियम केलंय.

तिच्यावर सिरीयल आलीय ती बघू का?

२०१५ ची, युलिया पेरेसिल्दने गुरचेंको केलीय. ही तीच पेरेसिल्द जी २०२१ मध्ये सिनेमाच्या शूटिंगसाठी खरंच अंतराळ स्थानकात जाऊन आली. काम मेहनतीने केलंय, पण मूळ बाई बघायला मिळत असताना नक्कल आधी कशाला.

सुरुवात कशापासून करू? सबटायटल्स मिळतात का?

मॉसफिल्मचं स्वतःचं यूट्यूब चॅनेल आहे, तिथे जुने सिनेमे फुकट आणि बर्‍याच ठिकाणी इंग्रजी सबटायटल्ससकट आहेत. मराठी सबटायटल्स विसरा. लेनफिल्मचे सिनेमे, म्हणजे ‘ओल्ड वॉल्स’ आणि गेर्मानचा, वेगळे शोधावे लागतात.

क्रम माझा असा: आधी ‘कार्निवल नाईट’, सव्वा तासाचा आहे, जेवता जेवता होतो. लगेच दुसर्‍या दिवशी ‘फाइव्ह इव्हनिंग्स’, मधे काही बघू नका, बावीस वर्षांचं अंतर एका दिवसात अंगावर आलं पाहिजे. मग ‘स्टेशन फॉर टू’ रविवारी, कारण दोन तासांच्या बराच वर जातो. मग मेकॅनिकवाला. गेर्मानचा सिनेमा शेवटी ठेवा, तो संथ आहे, आवाज पुटपुटल्यासारखे आहेत, आणि घरात कुणी टीव्ही मोठ्याने लावला असेल तर काही कळणार नाही, हेडफोन लावून बघा.